आधी परतू द्या, मग बंदराचे बोला

२००१ ते २०११ या दहा वर्षांत भारताची लोकसंख्या अठरा कोटींनी वाढली, निकोबार जिल्ह्याची मात्र ४२,०६८ वरून ३६,८४२ वर आली. २६ डिसेंबर २००४ च्या त्सुनामीने या जिल्ह्यातली माणसे तर नेलीच, पण गावे वसण्याजोगा किनाराही नेला. आता याच जिल्ह्याच्या दक्षिण टोकाला, ग्रेट निकोबार बेटावर, जिथे गेल्या जनगणनेत जेमतेम आठ हजारांहून थोडी अधिक माणसे मोजली गेली, तिथे येत्या तीस वर्षांत साडेतीन लाख वस्तीचे शहर, कंटेनर बंदर, विमानतळ आणि वीजप्रकल्प उभारायचे ठरले आहे. या योजनेवर बरेच लिहिले गेले आहे आणि बहुतेक वेळा वाद दोनच बाजूंनी रंगतो. एकीकडे जंगल आणि कासवे, तर दुसरीकडे चीन आणि मलाक्काची सामुद्रधुनी. या गलबल्यात एक साधा प्रश्न कोपऱ्यात पडून राहिला आहे. वीस वर्षांपूर्वी समुद्राने ज्यांना घरादारातून उठवले, ते निकोबारी आपल्या गावी कधी परतणार? या प्रश्नाचा निकाल लागेपर्यंत ग्रेट निकोबारवरची एक एकर जमीनही दुसऱ्या कामासाठी देऊ नये, असे माझे मत आहे.

मराठी वाचकाचे अंदमान बहुधा सेल्युलर जेलच्या फाटकाशी संपते. सावरकरांची कोठडी, एक-दोन समुद्रकिनारे आणि परतीचे विमान. निकोबार त्याच्याही दक्षिणेला आहे. मध्ये सुमारे दीडशे किलोमीटर रुंदीची दहा अंश खाडी आहे, आणि ती ओलांडून जाण्याची मुभा पर्यटकाला सहसा नाही, कारण १९५६ च्या आदिवासी संरक्षण विनियमाखाली जिल्ह्याचा बहुतेक भाग राखीव आहे. १९७४ मध्ये अंदमानपासून वेगळा झालेला हा जिल्हा १,८४१ चौरस किलोमीटरचा, म्हणजे क्षेत्रफळाने आपल्याकडच्या दोन-तीन तालुक्यांएवढा आहे, पण तो उत्तर-दक्षिण तीनशे किलोमीटर समुद्रात विखुरलेला आहे आणि त्याची बेटे एकमेकांसारखी नाहीत. मुख्यालयाचे कार निकोबार हे सपाट, प्रवाळावर उभे राहिलेले, नारळींनी भरलेले आणि दाट वस्तीचे बेट आहे. जिल्ह्यातली जवळपास निम्मी माणसे तिथल्या सव्वाशे चौरस किलोमीटरवर राहतात. चौरा बेट इतके लहान की पायी फिरून दिवसभरात संपावे, तरी मडकी घडवण्याचा मान पिढ्यान्‌पिढ्या त्याच्याकडे होता, आणि त्या मडक्यांची माती होडीने तेरेसा बेटावरून आणावी लागे. मधल्या गटात कामोर्ता, नानकौरी आणि कच्छल. सर्वांत खाली ग्रेट निकोबार. जिल्ह्याचे जवळजवळ निम्मे क्षेत्रफळ या एकट्या बेटाचे, ६४२ मीटर उंचीचा माउंट थुलियर त्यावरच, आणि गलाथियासारख्या बारमाही नद्या असलेले बेटही हेच. त्याच्या टोकावरच्या इंदिरा पॉइंटपासून सुमात्रा दीडशे किलोमीटरच्या आसपास आहे, तर भारताची मुख्य भूमी हजार किलोमीटरांहूनही दूर.

इथे वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. तेवढा तो कोकणातही पडतो, पण तिथे चार महिन्यांत आटोपतो. निकोबारला नैर्ऋत्य आणि ईशान्य असे दोन्ही मोसमी वारे भिजवतात, त्यामुळे मे महिन्यात सुरू झालेला पाऊस डिसेंबरापर्यंत रेंगाळतो. या काळात समुद्र खवळलेला असतो, जहाजांची वेळापत्रके कोलमडतात, भाजी, औषधे आणि टपाल अडकून पडते. पोर्ट ब्लेअरहून (२०२४ पासून श्री विजयपुरम) ग्रेट निकोबारवरचे कॅम्पबेल बे गाठायला जहाजाला एक दिवसाहून अधिक लागतो, आणि तोही समुद्राच्या मर्जीवर. इथली घरे कशी असावीत, गुरेढोरे कोणती पाळावीत, शेजारच्या बेटाशी सोयरीक कधी करावी, हे सारे या पावसाने आणि या समुद्राने ठरवले आहे. निकोबारी माणूस भात पिकवत नाही, कारण त्याला त्याची गरज पडली नाही. नारळ, डुकरे, कंद, मासे आणि केवड्याच्या कुळातले एक मोठे फळ यांवर त्याचे चालत आले आहे. हे फळ तासन्‌तास शिजवायचे, त्याचा एकेक पाकळीसारखा खंड शिंपल्याने खरवडून गर काढायचा, दोऱ्यासारखे तंतू वेगळे करायचे आणि गराचा गोळा करून ठेवायचा. हे बायकांचे मोठ्या मेहनतीचे काम आहे आणि त्यासाठी किनाऱ्यालगतची तीच झाडे हवीत. ती झाडे शिधापत्रिकेवर मिळत नाहीत.

या जिल्ह्यात ‘आदिवासी’ म्हणून एकच समाज आहे, असेही समजू नये. निकोबारी बहुसंख्य आहेत. त्यांतले बरेचसे ख्रिस्ती, काही मुसलमान, आणि जुने विधी दोघांनीही पुष्कळसे जपलेले. त्यांच्या भाषा ऑस्ट्रोआशियाई कुळातल्या आहेत, म्हणजे मेळघाटातल्या कोरकूंची भाषा आणि मेघालयातली खासी यांच्या दूरच्या नात्यातल्या. एका बेटाची बोली दुसऱ्या बेटाला सहज कळतेच असे नाही. गावाचा कारभार कॅप्टन म्हणून ओळखला जाणारा प्रमुख पाहतो आणि त्यावर आदिवासी परिषद असते. जमीन, नारळी आणि डुकरे यांची मालकी कार निकोबारात तुहेत नावाच्या मोठ्या एकत्र कुटुंबाकडे असते, एकेका माणसाकडे नाही. ग्रेट निकोबारच्या आतल्या जंगलात शोंपेन राहतात. २०११ च्या जनगणनेत त्यांची संख्या २२९ होती. ते शिकार करतात, कंदमुळे गोळा करतात, आणि बाहेरच्यांशी किती संबंध ठेवायचा हे बऱ्याच अंशी स्वतःच ठरवतात. याशिवाय कच्छलवर रबराच्या मळ्यांसाठी आणलेली, श्रीलंकेतून परत पाठवली गेलेली तमिळ कुटुंबे आहेत. आणि ग्रेट निकोबारच्या पूर्व किनाऱ्यावर १९६९ पासून पुढच्या दहा-अकरा वर्षांत वसवलेली सुमारे ३३० माजी सैनिकांची कुटुंबे आहेत: पंजाबातली, केरळातली, तमिळनाडूतली, आंध्रातली आणि महाराष्ट्रातलीही. गोविंदनगर, जोगिंदरनगर, लक्ष्मीनगर ही त्यांच्या गावांची नावे. घनदाट जंगल तोडून त्यांनी तिथे शेती केली. सरकारने सांगितले म्हणून ती माणसे गेली, हे विसरता कामा नये. त्यांच्याकडे पुढे येतोच.

त्सुनामीचा फटका सर्वांना सारखा बसला नाही. भूकंपाने जमीनच खचली. इंदिरा पॉइंटचा किनारा चार मीटरांहून अधिक खाली गेला आणि १९७२ मध्ये सुरू झालेल्या दीपगृहाचा पाया पाण्यात आला. कच्छलची हानी फार मोठी झाली, त्रिंकेत बेटाचे तुकडे झाले आणि ते रिकामे करावे लागले. ग्रेट निकोबारच्या दक्षिण आणि पश्चिम किनाऱ्यावरची चिंगेन्ह, कोकेओन, पुलो बाहा यांसारखी निकोबारींची गावे पुसली गेली. वाचलेल्यांना प्रशासनाने पूर्व किनाऱ्यावर कॅम्पबेल बेजवळ आणले, आधी पत्र्याच्या छावण्यांत, मग राजीवनगर आणि न्यू चिंगेन्ह या वसाहतींत ठेवले. त्या आणीबाणीच्या घडीला तेच योग्य होते. चूक त्यानंतरची आहे. तात्पुरते म्हणून आणलेल्यांना परत नेण्याचा कार्यक्रम कोणीच आखला नाही. घरे आणि भरपाई नवरा-बायको-मुले असे चौकोनी कुटुंब धरून वाटली गेली, त्यामुळे एकत्र कुटुंबाची घडी विस्कटली. डुकरे पाळायला आणि नारळी लावायला जागा नाही, मासे धरायला ओळखीचा किनारा नाही, तेव्हा जे स्वतःच्या बागांवर जगत होते ते रोजंदारीवर आले. गावी परत जाऊ द्या, अशी मागणी ते सुरुवातीपासून करीत आहेत. रस्ता नाही, धक्का नाही, शाळा-दवाखाना चालवणे परवडणार नाही, हीच उत्तरे त्यांच्या वाट्याला आली. उत्तर-दक्षिण रस्त्याचा दक्षिणेकडचा भाग समुद्राने नेला होता, हे खरेच. पण जे राज्य आज त्याच दिशेला ७२ हजार कोटींचा प्रकल्प नेऊ पाहते, त्याने वीस वर्षे पंधरा-वीस किलोमीटरच्या रस्त्याचे कारण सांगावे, हे पटत नाही.

प्रकल्पाची कागदोपत्री वाटचाल मात्र वेगाने झाली. जानेवारी २०२१ मध्ये गलाथिया उपसागरातल्या अभयारण्याचा दर्जा काढण्यात आला. चर्मपृष्ठी कासवांच्या, म्हणजे जगातल्या सर्वांत मोठ्या समुद्री कासवांच्या, विणीसाठी ज्या किनाऱ्याला हा दर्जा दिला होता, तोच बंदरासाठी निवडला गेला. २०२२ च्या ऑक्टोबरात १३०.७५ चौरस किलोमीटर जंगल वळवण्यास तत्त्वतः मान्यता आणि नोव्हेंबरात पर्यावरण मंजुरी मिळाली. एकूण १६६ चौरस किलोमीटरच्या या क्षेत्रात सुमारे ८४ चौरस किलोमीटर आदिवासी राखीव जमीन येते. तिच्या बदल्यात सुमारे ७७ चौरस किलोमीटर दुसरीकडे राखीव करू, आणि एकाही आदिवासी कुटुंबाला हलवले जाणार नाही, असे सरकार सांगते. हे दुसरे वाक्य मी पुन्हा पुन्हा वाचले आहे. ते शब्दशः बरोबरच ठरेल, कारण ज्यांना हलवावे लागले असते त्यांना समुद्राने आणि प्रशासनाने आधीच हलवलेले आहे. गाव रिकामे दिसते म्हणून ते बिनमालकीचे ठरवायचे, आणि गावकऱ्यांना तिथे परत जाऊ दिले नाही म्हणूनच ते रिकामे राहिले याकडे डोळेझाक करायची, असा हा हिशेब आहे. जमिनीच्या बदल्यात जमीन देता येईल, पण ज्या किनाऱ्यावर पूर्वज पुरलेले आहेत आणि ज्याची प्रत्येक खाडी नावानिशी ठाऊक आहे, त्याच्या बदल्यात डोंगरातले जंगल देऊन निकोबारी माणसाने करायचे काय? तो जंगलातला नव्हे, किनाऱ्यावरचा माणूस आहे.

लिटल आणि ग्रेट निकोबारच्या आदिवासी परिषदेने ऑगस्ट २०२२ मध्ये या जमिनीसाठी ना हरकत दिली होती, हे प्रकल्पाचे समर्थक आवर्जून सांगतात. तीच ना हरकत परिषदेने नोव्हेंबर २०२२ मध्ये मागे घेतली. आपली त्सुनामीपूर्वीची गावे प्रकल्पाच्या क्षेत्रात येतात, हे सही घेताना पुरेसे सांगितले नव्हते, असे परिषदेचे म्हणणे आहे. वनहक्क कायद्याखालचे दावे निकाली निघाल्याचा दाखला प्रशासनाने त्याच ऑगस्टमध्ये दिला. हा वाद न्यायालयापुढे आहे, म्हणून त्यात मी अधिक जात नाही. पण कायद्याबाहेरचीही एक कसोटी असते. महाराष्ट्रात २००९ मध्ये गडचिरोलीच्या मेंढा-लेखा गावाला सामूहिक वनहक्क मिळाला, त्याआधी त्या गावाने कित्येक वर्षे बसून, चर्चा करून, एकमत होईपर्यंत निर्णय लांबणीवर टाकून कारभार केला होता. ग्रामसभेची संमती म्हणजे काय, हे आपल्याकडच्या वाचकाला नव्याने सांगायला नको. मागे घेतलेली संमती ही संमती नव्हे. आणि शोंपेन? ते कोणत्या सभेत बसले, कोणत्या भाषेत त्यांना कंटेनर बंदर समजावून सांगितले गेले? २०१५ च्या शोंपेन धोरणात सरकारनेच लिहून ठेवले आहे की मोठ्या विकासकामांच्या वेळी या समाजाचे हित आणि अखंडता यांना अग्रक्रम द्यावा. ते धोरण रद्द झालेले नाही, त्याकडे फक्त पाहिले जात नाही.

अशा छोट्या समाजाशेजारी मोठी वस्ती आली की काय होते, याचा अंदाज बांधण्याची गरज नाही, कारण उदाहरण जवळच आहे. लिटल अंदमानवर १९०१ च्या गणनेत ६७२ ओंगे आदिवासी होते. १९६० च्या दशकापासून तिथे निर्वासितांच्या वसाहती, लाकूडतोड आणि ताडतेलाचा मळा आला, आणि २०११ मध्ये ओंगे १०१ उरले. घट वसाहतींच्या आधीपासूनच सुरू होती, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. पण वसाहतींनी त्यांच्या हातून बेटाचा मोठा भाग काढून घेतला आणि सावरण्याची संधी गेली. अंदमानातल्या जारवा आदिवासींनी बाहेरच्यांशी मोकळेपणाने मिसळायला सुरुवात केल्यावर १९९९ मध्ये त्यांच्यात गोवराची साथ पसरली. पुण्याची कल्पवृक्ष, मुंबईची बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी आणि बेटांवरची ‘सेन’ ही संस्था यांच्या याचिकेवरच सर्वोच्च न्यायालयाने मे २००२ मध्ये आदिवासी राखीव क्षेत्रातली वृक्षतोड थांबवण्याचा आदेश दिला होता. म्हणजे धडा शिकून झाला होता, त्यावर न्यायालयाची मोहरही उमटली होती. २२९ माणसांच्या शेजारी साडेतीन लाखांची वस्ती आणताना तो पुन्हा पहिल्या धड्यापासून गिरवायचा का?

सुरक्षेचा मुद्दा मी हलक्यावारी घेत नाही. मलाक्काच्या तोंडाशी असलेल्या या बेटाचे लष्करी महत्त्व उघड आहे, आणि २००१ मध्ये तिन्ही दलांची संयुक्त अंदमान-निकोबार कमान स्थापन झाली ती उगाच नव्हे. कॅम्पबेल बे येथे २०१२ पासून ‘आयएनएस बाज’ हा नौदलाचा हवाई तळ आहे. त्याची धावपट्टी वाढवा, रडार बसवा, धक्का बांधा. त्याला लागणारी जमीन काही चौरस किलोमीटरांची आहे आणि तिच्यासाठी बेटावरचा कोणी विरोधात उभा राहील असे मला वाटत नाही. पण तासाला चार हजार प्रवासी झेलणारे विमानतळ, पर्यटन आणि निवासी नगरी यांचा संरक्षणाशी संबंध जोडणे ताणूनताणून होते. उलट, साडेतीन लाख नागरिकांना भूकंपप्रवण क्षेत्र पाच मध्ये, मुख्य भूमीपासून हजार किलोमीटरांवर नेऊन वसवले, तर युद्धात आणि आपत्तीत त्यांनाच वाचवण्याचे ओझे सैन्यावर पडेल. त्सुनामीत कार निकोबारच्या हवाई दलाच्या तळावरचे शंभराहून अधिक जवान आणि कुटुंबीय गेले. राष्ट्रीय हरित लवादाने २०२३ मध्ये मंजुरीची फेरतपासणी करायला उच्चाधिकार समिती नेमली, तर तिचा अहवालही सुरक्षेचे कारण सांगून लोकांपुढे ठेवला गेला नाही. प्रवाळ कुठे आहे आणि किनारा नियमनाच्या कोणत्या वर्गात येतो, यात शत्रूला उपयोगी पडेल असे काय असावे?

व्यापाराचे गणितही तपासून पाहण्याजोगे आहे. भारतातला माल कोलंबो आणि सिंगापूरला मोठ्या जहाजांवर चढतो आणि त्यात आपले पैसे जातात, ही तक्रार रास्त आहे. पण याच कारणासाठी कोचीला वल्लारपाडम येथे २०११ मध्ये टर्मिनल सुरू झाले आणि कोलंबोचा माल काही त्याने ओढून आणला नाही. २०२५ च्या मे महिन्यात केरळातल्या विळिंजमचे रीतसर उद्घाटन झाले. ते आंतरराष्ट्रीय जहाजमार्गाच्या अगदी लगत आहे आणि त्याच्या पाठीशी अख्खा दक्षिण भारत आहे. आपल्या पालघर जिल्ह्यातल्या वाढवण बंदराला २०२४ मध्ये मान्यता मिळाली, आणि तिथल्या मच्छीमारांचा विरोध आजही शमलेला नाही. ग्रेट निकोबारच्या पाठीशी ना कारखाना, ना रेल्वे, ना बाजार. तिथे उतरणारा प्रत्येक कंटेनर पुन्हा जहाजावरच चढायचा आहे. विळिंजमचा अनुभव चार-पाच वर्षे पाहून मग ठरवण्यात देशाचे काही बिघडत नाही.

कापल्या जाणाऱ्या झाडांची संख्या सरकारने संसदेत ९.६४ लाख सांगितली, आणि त्यांच्या बदल्यातली लागवड हरियाणात करायची ठरली. विषुववृत्ताजवळच्या सदाहरित जंगलाची भरपाई, जिथे वर्षाला सहाशे मिलिमीटरही पाऊस पडत नाही अशा राज्यात! यावर अधिक लिहिण्यात अर्थ नाही.

आता माजी सैनिकांच्या गावांविषयी. तिथल्या पुष्कळ लोकांना प्रकल्प हवासा वाटला, आणि त्यांना दोष देणे सोपे असले तरी अन्यायाचे आहे. अवघड बाळंतपणासाठी बाईला श्री विजयपुरमला न्यावे लागते आणि हेलिकॉप्टरमध्ये जागा मिळेल की नाही याची खात्री नसते. मुलांना पुढच्या शिक्षणासाठी बेट सोडावेच लागते. पावसाळ्यात दुकानात कांदे-बटाटे नसतात. ज्याने अशी पन्नास वर्षे काढली, त्याला बंदराच्या बरोबरीने रुग्णालयही येईल असे सांगितले तर तो हो म्हणणारच. पण रुग्णालयासाठी बंदराची वाट का पाहायची? शल्यविशारद, नियमित जहाज, महाविद्यालय या गोष्टी आठ-नऊ हजार नागरिकांचा आजचा हक्क आहेत. विमानतळासाठी गांधीनगर-शास्त्रीनगरकडची याच वसाहतवाल्यांची शेतजमीन जाणार आहे, म्हणजे जंगल तोडून ज्यांनी शेत उभे केले त्यांनाही पुन्हा भरपाईच्या रांगेत उभे राहायचे आहे.

कोयनेच्या धरणग्रस्तांनी वर्षानुवर्षे सरकारी कचेऱ्यांचे उंबरे झिजवले, तेव्हा आपल्याकडे ‘आधी पुनर्वसन, मग धरण’ ही घोषणा रुजली आणि १९७६ मध्ये महाराष्ट्राने प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा केला. त्याची अंमलबजावणी कशी झाली हा वेगळा विषय, पण क्रम त्या घोषणेने अचूक सांगितला होता. निकोबारला हा क्रम सांगणारे बळ संख्येत नाही. पहिल्या लोकसभेत या बेटांचे प्रतिनिधी म्हणून राष्ट्रपतींनी कार निकोबारच्याच जॉन रिचर्डसन यांना नेमले होते. आज दोन्ही द्वीपसमूहांचा मिळून एकच खासदार असतो, आणि त्याच्या मतदारांत निकोबारी अगदी थोडे.

क्रम लावायचा तर तो असा लागतो. दक्षिणेचा आणि पश्चिमेचा किनारा आदिवासी परिषदेच्या माणसांना बरोबर घेऊन मोजावा, आणि त्सुनामीपूर्वीच्या प्रत्येक गावाची, बागेची आणि दफनभूमीची हद्द त्यांनी दाखवली तशी नकाशावर यावी. वनहक्काचे दावे त्या नकाशावर ठरावेत. ज्यांना परतायचे आहे त्यांच्यासाठी उंचवट्यावर, त्यांच्या पद्धतीची लाकडी घरे, लहान होड्यांचे धक्के, फिरता दवाखाना आणि नारळ फळाला येईपर्यंतचा शिधा, एवढे द्यावे. शोंपेनांचे क्षेत्र २०१५ च्या धोरणाप्रमाणे अबाधित राहावे. या सगळ्याला लागणारा पैसा ७२ हजार कोटींच्या आकड्यात दिसणारही नाही. निकोबारात पाऊस खऱ्या अर्थाने उघडतो तो जानेवारी ते एप्रिलच्या दरम्यान. मोजणीची पथके पाठवायची तर तेवढेच महिने हाताशी असतात, आणि त्यासाठी जहाजाची व्यवस्था दिवाळीपूर्वीच करावी लागते.